कायद्याची ओळख : निकाल हातात, हक्क मात्र फाईलमध्ये

कोर्टात जिंकलेला माणूस पेढे वाटतो आणि निकालाची नक्कल घेऊन कार्यालयात जातो. तेथे ठराविक उत्तर मिळते, "वरून मार्गदर्शन मागविले आहे." आर्वी असो, हिंगणघाट असो की समुद्रपूर, उत्तर सारखेच. महिने लोटतात. कुणाची थकीत पेन्शन, कुणाच्या जमिनीचा मोबदला, कुणाची नोकरी टेबलावरच अडून राहते.

वाचक बंधू-भगिनींनो, हा नुसता आळस नव्हे. न्यायालय अवमान कायदा, १९७१ प्रमाणे कोर्टाचा हुकूम जाणूनबुजून न पाळणे हा दिवाणी अवमान आहे. त्यासाठी सहा महिन्यांपर्यंत कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात.

मोठ्यांना कोण हात लावणार, असे म्हणू नका. विनापरवाना लाकूड कारखान्यांवर सर्वोच्च न्यायालयाची बंदी असताना महाराष्ट्रात काहींना परवानगी दिली गेली. १० मे २००६ रोजी त्या वेळचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांनाही एक महिन्याची कैद झाली. माफीनाम्याने ती टळली नाही. मे २०२५ मध्ये अमरावतीचे सुपुत्र न्यायमूर्ती भूषण गवई यांच्या खंडपीठापुढे आंध्र प्रदेशातील प्रकरण आले. हायकोर्टाचा मनाई हुकूम डावलून गरिबांच्या झोपड्या पाडणारा अधिकारी पुढे बढती घेऊन उपजिल्हाधिकारी झाला होता. खंडपीठाने त्याला पुन्हा तहसीलदार केले आणि एक लाख रुपये दंड ठोठावला.

आता आपण काय करावे? प्रमाणित नक्कल अर्जासोबत जोडून आवक शाखेत द्यावी. दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्यावा. तोंडी सांगणे आणि साहेबांना भेटणे यांचा पुरावा राहत नाही. मुदत टळली की वकिलामार्फत नोटीस द्यावी. "आम्ही अपील केले आहे" या उत्तराने गप्प बसू नये. नुसत्या अपिलाने हुकूम थांबत नाही, स्थगिती मिळालेली असावी लागते. तिची प्रत मागावी.

त्यानंतर हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात अवमान याचिका. मात्र अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत ती दाखल झाली पाहिजे. स्मरणपत्रे पाठविण्यात हे वर्ष निघून जाते आणि अनेकांचे तेथेच नुकसान होते.

हुकूम नीट वाचावा. "अर्जावर निर्णय घ्या" एवढाच हुकूम असेल आणि साहेबांनी अर्ज फेटाळला, तर तो सहसा अवमान ठरत नाही; त्या निर्णयाविरुद्ध वेगळी दाद मागावी लागते. दिवाणी कोर्टाचा हुकूमनामा असेल तर सहसा दरखास्त हा मार्ग असतो आणि तिला साधारणतः बारा वर्षांची मुदत आहे.

पैशाअभावी कुणी मागे हटू नये. १९८७ च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो. वर्धा येथील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे चौकशी करावी.

आपल्या घरात एखादा निकाल ट्रंकेत पडून असेल, तर आजच काढा आणि त्यावरील तारीख पाहा.