ग्रिंडेलवाल्डचे चेले

भाच्यानं मनगट माझ्या नाकासमोर धरलं. लाल, सुजलेल्या कातडीवर एक त्रिकोण, त्याच्या पोटात वर्तुळ आणि दोघांना मधोमध छेदणारी उभी रेघ. ‘‘मामा, डेथली हॅलोज! ज्याच्याकडे या तिन्ही वस्तू, तो मृत्यूचा स्वामी. कसलं भारी आहे ना?’’ अर्थ त्यानं तंतोतंत सांगितला. फक्त तो पुस्तकातल्या मूर्खांचा अर्थ होता.

‘हॅरी पॉटर’चा सातवा भाग २००७ साली आला, तेव्हापासून ही खूण लॉकेटवर, कॉफीच्या मगवर, मोबाइलच्या कव्हरवर नांदते आहे. रात्र रात्र जागून पुस्तकाचा फडशा पाडणाऱ्या या भक्तांनी नेमकं काय वाचलं, हा प्रश्न मला पडतो. कारण मूळ गोष्ट अगदी पोराटोरांना सांगायची आहे. तीन भाऊ जादूनं पूल बांधून नदी ओलांडतात. हातचं सावज गेलं म्हणून मृत्यू मनातून जळतो, पण वरवर शाबासकी देऊन तिघांना एकेक वस्तू मागायला सांगतो. थोरला अजिंक्य छडी मागतो, खाणावळीत तिची फुशारकी मारतो आणि त्याच रात्री झोपेत गळा चिरून मारला जातो. मधला मेलेल्यांना परत आणणारा खडा मागतो. मेलेली प्रेयसी येते, पण धड इकडची नाही की तिकडची. शेवटी हाच जीव देतो. धाकटा अदृश्य करणारा झगा पांघरून गुपचूप आयुष्य काढतो आणि म्हातारपणी तो मुलाला देऊन स्वतःच मृत्यूसोबत निघतो.

आता ती खूण पुन्हा बघा. रेघ म्हणजे छडी, वर्तुळ म्हणजे खडा, त्रिकोण म्हणजे झगा. एका चित्रात दोन प्रेतं आणि एक शहाणा. शहाण्याचं शहाणपण तरी कशात? न दिसण्यात. त्याचा झगा आपण सगळ्यांना दिसावा म्हणून गोंदवून घेतो!

(आजीच्या हातावर हिरवी तुळस गोंदलेली होती. अर्थ विचारला की म्हणायची, ‘‘मला काय ठाऊक? आईनं धरून बसवलं.’’ निदान ती तत्त्वज्ञान झाडत नव्हती.)

पण माझा खरा राग लग्नाच्या प्रसंगावरून आहे. सातव्या भागात बिल आणि फ्लरच्या लग्नात झेनोफिलियस लव्हगुड हे चिन्ह गळ्यात घालून येतो. बल्गेरियाचा व्हिक्टर क्रम ते पाहून भडकतो. त्याच्या लेखी ती ग्रिंडेलवाल्ड या दुष्ट जादूगाराची खूण आहे. ग्रिंडेलवाल्डनं विद्यार्थी असताना ती डर्मस्ट्रँग शाळेच्या भिंतीवर कोरली होती. त्याच माणसानं क्रमच्या आजोबांना मारलं. पुढे त्या शाळेतल्या काही टोणग्यांनी लोकांना दचकवायला तीच खूण वह्यांवर, कपड्यांवर मिरवली. ज्यांच्या घरची माणसं गेली होती त्यांनी मग त्यांना धडा शिकवला. ग्रिंडेलवाल्डचा पराभव लेखिका रोलिंगबाईंनी १९४५ साली घडवला आहे. सूचकतेचा त्यांनी फारसा आव आणलेला नाही.

हा प्रसंग जगात सर्वांत आधी कुणाला कळायला हवा होता? आपल्याला. लक्ष्मीपूजनाला वहीवर कुंकवानं स्वस्तिक काढणारे आपण. तेच चिन्ह तिरकं करून एका झेंड्यावर चढलं आणि युरोपात आजही ते पाहून माणसं थरारतात, हे आपल्याला शाळेपासून माहीत आहे. लव्हगुडचं खरं आहे, खूण ग्रिंडेलवाल्डच्या कितीतरी आधीची आहे. क्रमचंही खरं आहे, आजोबा त्याचे गेले. पुस्तक दोघांत निवाडा करत नाही. आमचे मराठी पॉटरभक्त मात्र हा प्रसंग सरसर ओलांडून ‘तू कोणती वस्तू निवडशील?’ या खेळाला लागतात. पुस्तकात हॅरीचा मित्र रॉन छडी म्हणतो, हॅरी खडा म्हणतो, मैत्रीण हर्मायनी झगा म्हणते. तिघांत अक्कल कुणाला आहे ते वेगळं सांगायला नको.

या खुणेच्या नादी लागून शहाणेही वाया गेले. कथेतला खलनायक व्होल्डेमॉर्ट, त्यानं खड्याची अंगठी स्वतःच्या आत्म्याचा तुकडा ठेवायची डबी म्हणून वापरली. आत काय आहे हे त्या महाभागाला कळलंच नाही. हॅरीच्या शाळेचा मुख्याध्यापक डंबलडोर, त्याला ते कळलं. तरुणपणी ग्रिंडेलवाल्डशी दोस्ती करून तोही या तीन वस्तूंच्या मागे लागला होता, त्या दोस्तीच्या भांडणात बहीण गेली. म्हातारपणी तिला एकदा भेटावं म्हणून त्यानं शापित अंगठी बोटात घातली आणि हात कोळशासारखा काळा करून घेतला. हॅरी काय करतो? खडा जंगलात टाकतो. अजिंक्य छडीनं स्वतःची मोडलेली छडी तेवढी दुरुस्त करतो आणि तिला परत डंबलडोरच्या थडग्यात ठेवायचं ठरवतो. शेजाऱ्याचा पाना वापरून परत करावा तसं. २०११च्या चित्रपटाला हा साधेपणा सोसला नाही. तिथे तो छडी कडकन मोडून दरीत फेकतो. टाळ्यांची सोय झाली.

आणि त्या लॉकेटांचं काय? २०१६च्या ‘फँटास्टिक बीस्ट्स’मध्ये ग्रिंडेलवाल्ड वेषांतर करून एका मार खाणाऱ्या, मायेला भुकेल्या पोराच्या गळ्यात हेच लॉकेट अडकवतो. पोराला जवळ करायला नव्हे, वापरून घ्यायला. पडद्यावर जे आमिष, ते बाहेर भेटवस्तूंच्या दुकानात आकर्षक डबीत. इतकी प्रामाणिक जाहिरात मी दुसरी पाहिलेली नाही.

हे सगळं मी भाच्याला ऐकवलं. त्यानं शांतपणे मलम लावलं. ‘‘मामा, तू फार विचार करतोस.’’ पुढच्याच आठवड्यात त्याची एका बँकेत मुलाखत होती. मे महिन्याच्या उकाड्यात पठ्ठ्या पूर्ण बाह्यांचा शर्ट घालून, मनगटाचं बटण लावून निघाला.