शेजाऱ्याच्या दारापर्यंत जाणारा पास्ता

रमजानच्या पानावर पास्त्याचं काय काम, असं काही वाचकांना वाटेल. खजूर, फळांची चाट, भजी, समोसे, हलीम यांच्याबद्दल लिहिलं की ते 'रमजानचं' वाटतं. पास्ता कॅफेतला, कॉलेजच्या पोरांचा. पण आकुर्डी-निगडीतल्या अनेक घरांत इफ्तारच्या दस्तरखानावर तो येऊन आता बरीच वर्षं झाली. मुलं आधी हट्ट करतात, मग घरातलं कुणीतरी तो करायला शिकतं, आणि एखाद्या वर्षी भज्यांच्या शेजारी पास्त्याचा वाडगा दिसू लागतो. माझं म्हणणं असं, की त्याला नुसतं खपवून घेऊ नये, मानाची जागा द्यावी. विशेषतः भाज्यांच्या पास्त्याला, आणि तोही घरी केलेल्या.

कारण चवीचं नाही, शेजाराचं आहे.

आपला हा पट्टा कारखान्यांनी वसवला. बजाजसारखे मोठे कारखाने आले, त्यांच्यामागे लहान वर्कशॉप आली आणि कामाच्या ओढीने गावोगावची माणसं आली. एकाच जिन्यात लातूरचं, साताऱ्याचं, गोरखपूरचं आणि केरळचं कुटुंब राहतं. कुणी मटण खाणारे, कुणी फक्त बुधवार-रविवार पाळणारे, कुणी माळकरी, कुणी कांदा-लसूणही न खाणारे जैन. ईदचा शीरखुर्मा या सगळ्या दारांत बिनधास्त जातो. दूध, शेवया, खजूर, सुकामेवा, म्हणजे कुणी काही विचारायची गरजच पडत नाही. पण त्याआधीचा अख्खा महिना इफ्तारचं ताट सहसा जिना चढत नाही. देणाऱ्याला वाटतं, 'घेतील का?' घेणाऱ्याला वाटतं, 'यात काय असेल, आणि विचारलं तर वाईट वाटेल का?' दोन्हीकडून संकोच, आणि ताट घरातल्या घरात संपतं.

प्रेषितांची एक शिकवण मुस्लिम घरांत लहानपणापासून कानावर पडते. रस्सा कराल तेव्हा पाणी थोडं जास्त घाला आणि शेजाऱ्यांचा वाटा काढा, असा तिचा आशय. त्यात शेजारी कुठल्या धर्माचा, अशी अट नाही. पण शेजाऱ्याला वाटा द्यायचा, तर त्याला चालेल असं काहीतरी चुलीवर असायला हवं. जे त्याला खाता येत नाही, त्याचा वाटा काढणं म्हणजे उपचार झाला, शेजार नव्हे.

हॉटेलातून मागवलेला पास्ता या परीक्षेला उतरेलच असं नाही. वरून किसलेलं पार्मेझान चीज घ्या. इटलीत अस्सल पार्मिजानो रेजानो करताना दूध फाडायला वासराच्या जठरातलं रेनेटच वापरावं लागतं. तिथल्या नियमांतच ते आहे. म्हणजे ज्याला आपण 'व्हेज पास्ता' म्हणतो, तो त्या चीजसकट माळकऱ्याला चालणार नाही. आणि हलाल पाळणाराही विचारेल, की ते जनावर कसं कापलं होतं? यावर उलेमांमध्ये मतभेद आहेत, पण प्रश्न आहेच. ताज्या पास्त्याच्या कणकेत बऱ्याचदा अंडं असतं. काही पाश्चात्त्य पद्धतीच्या सॉसमध्ये वाइन घालतात. मला यातली गंमत अशी वाटते, की दोन वेगळ्या धर्मांची, दोन वेगळ्या कारणांनी काळजी करणारी माणसं दुकानात एकच पाकीट उलटून त्याच बारीक अक्षरांवर बोट फिरवत असतात. एक हिरवा ठिपका शोधतो, दुसरा घटकांची यादी. दोघांच्याही शंका मिटवणारा सोपा उपाय एकच: साधा कोरडा पास्ता, हिरव्या खुणेचं चीज, आणि स्वतःच्या हाताने केलेला सॉस. प्रत्येक जिन्नस नाव घेऊन सांगता येतो.

मग घरचा पास्ता कॅफेसारखा का लागत नाही, ही तक्रार उरते. त्याचं गुपित कुठल्या मसाल्यात नाही. कॅफेचा आचारी पास्ता थोडा कच्चट ठेवतो, भाज्या वेगळ्या मोठ्या आचेवर परततो, आणि शेवटी पास्ता सॉसमध्येच शिजवतो. आपण मात्र पास्ता पूर्ण मऊ करून, गार पाण्याखाली धुऊन, वरून सॉस ओततो. धुतलं की पास्त्यावरचं पीठुळ पाणी वाहून जातं, आणि सॉस त्याला धरत नाही.

चौघांसाठी २५० ग्रॅम पास्ता घ्या. अडीच लिटर पाणी खळखळ उकळा आणि त्यात चहाचे चार सपाट चमचे मीठ घाला. एवढं मीठ पाहून दचकू नका, बहुतेक पाण्याबरोबर जातं. रमजानमध्ये हे माप महत्त्वाचं. रोजा असलेल्या बाईला चव बघता येत नाही. गरज पडली तर जिभेच्या टोकाला लावून थुंकण्याची सवलत आहे, पण अनेकजणी ती घेत नाहीत. खिम्याचं मीठ वर्षांच्या सवयीने हाताला कळतं, पास्त्याचं कळत नाही. म्हणून इथे अंदाज नको, चमचा हवा.

पाकिटावर लिहिलेल्या वेळेच्या दोन मिनिटं आधी पास्ता निथळा, आणि ते पाणी वाडगाभर राखून ठेवा. कढईत दोन मोठे चमचे लोणी आणि तेवढाच मैदा मंद आचेवर, रंग न बदलू देता, परता. अर्धा लिटर दूध थोडं थोडं घालत ढवळा, म्हणजे गुठळ्या होत नाहीत. दुसरीकडे चार टोमॅटो उकडून, सालं काढून, लसणाबरोबर आटवा. जैन शेजारी असतील तर लसूण वगळा, मिरपूड वाढवा. दोन्ही एकत्र केलं की कॅफेच्या मेन्यूवरचा 'पिंक सॉस' तयार. सिमला मिरची, मक्याचे दाणे, फरसबी मोठ्या आचेवर दोन-तीन मिनिटंच परता. रंग राहिला पाहिजे.

इथपर्यंतचं सगळं असरच्या नमाजनंतर निवांत होतं. मगरीबच्या अजानला खजूर आणि पाणी घ्यायचं, नमाज पढायची, आणि मग शेवटचं काम: सॉस, पास्ता, भाज्या एकत्र करून राखलेल्या पाण्याचे दोन-तीन डाव घालायचे, तीन मिनिटं मोठी आच, वरून चीज. आधीच मिसळून ठेवलात तर नमाज होईपर्यंत त्याचा गोळा होतो. शेजारी पाठवायच्या वाटणीत पाणी थोडं जास्त घाला, कारण पोहोचेपर्यंत तो घट्ट होणार. रश्श्याची शिकवण पास्त्यालाही अशी लागू पडते!

तळणाच्या कढईपुढे उपाशीपोटी दीड तास उभं राहण्यापेक्षा हे सोपं आहे. आणि मापावर चालणारी ही कृती घरातल्या मुलग्यांना, पुरुषांना पहिल्या दिवशी जमण्यासारखी आहे. दस्तरखान सजवायचं पुण्य सगळ्यांना हवं असतं. कढई ढवळायचंही वाटून घ्यावं.

यावर दोन आक्षेप येतात, आणि दोन्ही आपल्याच माणसांकडून. पहिला, 'हे परकं खाणं आहे, आपलं सोडून त्याच्यामागे कशाला?' इतिहास थोडा वेगळं सांगतो. अरब भूगोलतज्ज्ञ अल-इद्रिसी याने सिसिलीचा ख्रिस्ती राजा दुसरा रॉजर याच्या दरबारात राहून ११५४ मध्ये आपला ग्रंथ पुरा केला. पालेर्मोजवळच्या त्राबिया गावात 'इत्रिया' नावाच्या पिठाच्या शेवया मोठ्या प्रमाणावर होतात, आणि गलबतं भरून मुस्लिम व ख्रिस्ती अशा दोन्ही मुलखांत जातात, अशी नोंद त्यात आहे. ज्या मार्को पोलोने चीनहून पास्ता आणला असं सांगतात, तो जन्मला १२५४ मध्ये, म्हणजे या नोंदीनंतर शंभर वर्षांनी. आणि आपल्याकडे लग्नघरात बोटांनी वळलेले गव्हले, नखुल्या, मालत्या काय आहेत? वरणात सोडलेल्या चकोल्या काय आहेत? कोरडा पास्ता ज्या ड्युरम गव्हाचा करतात, तो आपला बन्सी. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने त्याचे एमएसीएस ४०२८ सारखे वाण काढले आहेत. तेव्हा पास्ता हा शीरखुर्म्यातल्या शेवयांचा दूरचा भाऊ. नाव परकं, नातं जुनं.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. 'त्यांच्यासाठी आपण आपलं खाणं का लपवायचं?' लपवायचं नाहीच. बिर्याणी, खिमा, हलीम जिथे आहे तिथे राहू दे. पाहुण्याला चालेल ते रांधणं आणि आपण खातो त्याची लाज वाटणं, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. हे आकुर्डीला शिकवायला नको. आषाढीच्या वाटेवर तुकोबांची पालखी देहूहून निघते, अनगडशहा बाबांच्या दर्ग्यापाशी तिची पहिली आरती होते आणि पुढचा मुक्काम आकुर्डीच्या विठ्ठल मंदिरात पडतो. त्या दिवशी एरवी सामिष खाणारी घरंही वारकऱ्यांना चालेल तेच रांधतात. त्यामुळे त्या घरांचं काही कमी होत नाही. त्याला पाहुणचार म्हणतात.

मात्र पाहुणचाराला दुसरी बाजूही आहे. शेजाऱ्याने 'यात अंडं आहे का? भांडं वेगळं होतं का?' असं मोकळेपणाने विचारावं आणि आपण ते संशय न समजता माहिती म्हणून सांगावं. पण विचारणं माहितीपुरतंच राहावं, त्याची चौकशी होऊ नये. भाड्याने घर देताना स्वयंपाकघरात काय शिजतं हे पाहून दार बंद करणारे लोक आपल्याही शहरात आहेत. पास्त्याच्या वाडग्याने ते दार उघडेल, असा भाबडेपणा मी करत नाही. तो प्रश्न कायद्याचा आहे आणि सोसायटीच्या बैठकीत उभं राहून बोलण्याचा आहे. पण त्या बैठकीत आपल्या बाजूने कोण बोलेल? ज्याच्या घरी आपलं ताट गेलेलं आहे आणि ज्याचं आपल्याकडे आलेलं आहे, तोच बोलण्याची शक्यता जास्त.

मराठी घरांत एक रीत आहे: शेजारचं भांडं रिकामं परत करायचं नसतं. त्यात साखर, फळ, काहीतरी घालूनच ते जातं. उर्दू बोलणाऱ्या घरांतही हीच रीत आहे. म्हणजे एक वाडगा पाठवला, की एक वाडगा परत येणार, आणि येण्याजाण्याला कारण मिळणार. या रमजानमध्ये निदान एका संध्याकाळी पाणी थोडं जास्त ठेवा, पास्ता चौघांऐवजी सहांचा करा, आणि समोरच्या दाराची बेल वाजवून आधी एवढंच विचारा, 'लसूण चालतो ना?'