फौजी पोराचा पगार आणि घरचा हिशोब

गेल्या रविवारी विहारात वंदना आटोपली, चहा झाला, मंडळी उठू लागली, तेव्हा एक आई आमच्याजवळ येऊन बसल्या. हातात बँकेचे पासबुक. मागे सून, तिच्या कडेवर दीड वर्षाची नात. मुलगा फौजेत शिपाई आहे. म्हणाल्या, "भाऊ, तीन महिने झाले, पोराचे पैसे कमी येऊन राहिले. काऊन जी? हिला विचारतो तर ही म्हणते, मला ठाऊक नाही."

सून खाली मान घालून उभी. बोलण्याचा रोख आमच्या ध्यानात आला. सासूबाईंना वाटत होते, पोरगा परस्पर बायकोच्या माहेरी पैसे पाठवतो. सुनेला वाटत होते, नवरा तिकडे काही व्यसनाला तर लागला नाही ना. तीन महिने एका घरात दोन बाया एकमेकींशी धड बोलत नव्हत्या.

आम्ही विचारले, पगाराची स्लिप कोणी पाहिली काय? कोणीच पाहिलेली नव्हती. मग सुनेने नवऱ्याला फोन लावला, त्याने स्लिपचा फोटो पाठवला, आणि आम्ही तिथेच सतरंजीवर अर्धा तास डोके घातले. हेच कोडे आपल्या पुष्कळ घरांत असेल, म्हणून यावेळी हाच विषय घेतला आहे.

आपल्या समाजाचे आणि फौजेच्या पगाराचे नाते जुने आहे. बाबासाहेबांचे वडील रामजी सकपाळ फौजेत सुभेदार होते, फौजेच्या शाळेत शिकवत होते. पुढे १८९२-९३ च्या सुमारास इंग्रजांनी महारांची भरती बंद केली, तेव्हा नुसता बंदुकीचा मान गेला नाही. महिन्याचा ठरलेला पगार गेला, म्हातारपणाची पेन्शन गेली, आणि त्या पेन्शनवर शिकणारी लेकरेही घरी बसली. गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ मध्ये अर्ज केला तो या भरतीसाठीच. पहिल्या महायुद्धाच्या वेळी हिंदी शिपायाला महिना ११ रुपये मिळत. १९१७ मध्ये १११ महार पलटण उभी झाली आणि लढाई संपल्यावर १९२१ मध्ये मोडली. १९४१ मध्ये महार रेजिमेंट उभी राहिली ती बाबासाहेब व्हाइसरॉयच्या संरक्षण सल्लागार समितीवर असताना, त्यांनी लावून धरल्यामुळे. पहिली पलटण बेळगावला, आणि दुसरी त्याच ऑक्टोबरात आपल्या कामठीला. असो. आज फौजेत आपली पोरे सगळ्याच रेजिमेंटांत आहेत.

आता स्लिपकडे येऊ.

पहिली ओळ मूळ पगाराची. सातव्या वेतन आयोगाने, म्हणजे १ जानेवारी २०१६ पासून, शिपायाला लेव्हल ३ दिली. तिची सुरुवात २१,७०० रुपयांपासून. नायक लेव्हल ४ मध्ये, २५,५०० पासून. हवालदार लेव्हल ५, २९,२०० पासून. नायब सुभेदार लेव्हल ६, ३५,४०० पासून. दरवर्षी सुमारे तीन टक्के वाढ, ती शंभराच्या आकड्यात बसवलेली: २१,७०० चे २२,४००, मग २३,१००, मग २३,८००. बढती मिळाली की आधी आपल्याच लेव्हलमध्ये एक वाढ देतात आणि मग वरच्या लेव्हलमध्ये तेवढाच किंवा लगतचा मोठा आकडा धरतात. २५,२०० वरचा शिपाई नायक झाला तर आधी २६,०००, आणि लेव्हल ४ मध्ये २६,००० नाही म्हणून २६,३००. फीत लागली म्हणून पगार दुप्पट झाला, अशी समजूत कोणी करून घेऊ नये.

दुसरी ओळ एमएसपी, म्हणजे मिलिटरी सर्व्हिस पे. फौजेच्या खडतर जिण्याबद्दलचे हे पैसे सहाव्या वेतन आयोगापासून सुरू झाले. सातव्या आयोगाने शिपायापासून सुभेदार मेजरपर्यंत सगळ्यांना ५,२०० रुपये ठेवले आणि अधिकाऱ्यांना १५,५००. सुभेदारांच्या दर्जाच्या मंडळींना तरी जास्त द्यावे, ही फौजेची मागणी अर्थ मंत्रालयाने २०१८ मध्ये नामंजूर केली. थंडी आणि गोळी हुद्दा विचारत नाही, तेव्हा हा तिपटीचा फरक आम्हास पटत नाही. पण आहे तो असा आहे.

टेक्निकल ट्रेडमध्ये 'एक्स' गटात असणाऱ्यांना वेगळा एक्स पे मिळतो, पात्रतेप्रमाणे ३,६०० किंवा ६,२०० रुपये. त्या मुलाला तो नव्हता.

तिसरी ओळ महागाई भत्त्याची. तो मूळ पगार आणि एमएसपी यांच्या बेरजेवर काढतात आणि वर्षातून दोनदा, जानेवारी व जुलैपासून, त्याचा दर बदलतो. जुलै २०२५ पासून ५८ टक्के झाला. नव्या शिपायाचा हिशोब करून पाहा. २१,७०० आणि ५,२०० मिळून २६,९००. त्याचे ५८ टक्के १५,६०२. एकूण ४२,५०२ रुपये. इथपर्यंतचा आकडा पक्का. पोरगा दिल्लीत असो की लडाखात, एवढे तर मिळणारच.

यानंतरच्या ओळी मात्र जागेप्रमाणे बदलतात, आणि घरातली भांडणे तिथेच लागतात.

फील्ड एरिया, उंच पहाड, बंडखोरीचा मुलुख, यांचे भत्ते धोका आणि कष्ट किती त्यावर ठरतात. सर्वांत वर सियाचीनचा भत्ता. २०१७ मध्ये तो जवानांसाठी १४,००० वरून महिना ३०,००० केला, अधिकाऱ्यांसाठी २१,००० वरून ४२,५००. बाकीच्या जागांचे त्याखाली टप्प्याटप्प्याने कमी. महागाई भत्ता ५० टक्क्यांवर गेला की अशा ठरीव भत्त्यांपैकी बहुतेकांचे दर २५ टक्क्यांनी वाढतात. २०२४ च्या जानेवारीत तसे झाले. पण हे पैसे पलटण त्या जागी असेपर्यंतच. पलटण खाली उतरून शांत ठिकाणी आली की ते बंद. घरभाड्याचेही तसेच. बायकोलेकरांना सरकारी क्वार्टर मिळाली की घरभाडे भत्ता थांबतो. पैसे कमी दिसतात, पण डोक्यावर छप्पर आलेले असते.

त्या मुलाचे नेमके हेच झाले होते. दीड वर्ष उंचावर होता, तेव्हा घरी भरपूर पैसे येत. आईने त्या हिशोबाने भिशी लावली, धाकट्याच्या कॉलेजची फी ठरवली. मग पलटण खाली आली. त्यातही बदलीची नोंद पगार कार्यालयात उशिरा पोचली, म्हणून दोन महिने उंचावरचा भत्ता जादा जमा होत राहिला. नोंद पोचल्यावर तो परत कापायला सुरुवात झाली. म्हणजे भत्ता बंद, आणि वरून कापणी. पासबुकात एकदम खड्डा. पोराने आईला सांगितले नाही, कारण आई काळजी करील. बायकोला सांगितले नाही, कारण तिला काय समजते!

त्याला आम्ही फोनवरच बोललो. ज्या बाईच्या जिवावर घर टाकून तुम्ही सरहद्दीवर जाता, तिला पगाराचा कागद वाचता येत नाही असे कसे धरता? ती बारावी पास आहे. अर्ध्या तासात आमच्याआधी तिनेच कापणीची ओळ शोधून काढली.

कापणीच्या बाजूला आणखी तीन-चार ओळी असतात. एक फौजेचा प्रॉव्हिडंट फंड. ती बचत आहे, गेलेले पैसे नव्हेत. दुसरी आर्मी ग्रुप इन्शुरन्सची, जिच्यातून जिवाचे बरेवाईट झाल्यास कुटुंबाला रक्कम मिळते आणि निवृत्तीच्या वेळीही काही परत येते. मग कर्जाचे हप्ते आणि बसत असेल तर इन्कमटॅक्स. फंडात जास्त कापून घ्या म्हणून काही पोरे स्वतःच लिहून देतात. ते चांगलेच, पण घरी सांगून करावे.

आता एक बाब अशी, की जिच्याकडे आपल्या घरांत फार दुर्लक्ष होते. फौजेत लग्न झाले, मूल झाले, कोणी वारले, तर ते पलटणीने 'पार्ट टू ऑर्डर'मध्ये छापावे लागते. तिथून ते रेकॉर्ड ऑफिसला आणि पगार कार्यालयाला जाते. महार रेजिमेंटचे सागरला, ब्रिगेड ऑफ द गार्ड्सचे आपल्या कामठीला. ही नोंद झाली नाही तर सरकारच्या दृष्टीने तुमचे लग्नच झालेले नाही. मुलांचा शिक्षण भत्ता, जो दोन मुलांपर्यंत दर मुलामागे २०१७ पासून महिना २,२५० होता आणि जानेवारी २०२४ पासून २,८१२ रुपये ५० पैसे झाला, तोही नोंदीशिवाय मिळत नाही. आणि वाईट वेळ आली तर फॅमिली पेन्शन अडकते.

आपल्याकडे बौद्ध पद्धतीने मंगल परिणय होतो, भंतेजी किंवा बौद्धाचार्य विधी लावतात, फोटो निघतात, जेवणे होतात. नोंदणी मात्र राहून जाते. मग आधार कार्डावर बाईचे नाव माहेरचे, रेशन कार्डावर सासरचे, पलटणीच्या कागदावर घरात हाक मारतात ते. कुठे 'बौद्ध', कुठे जातीचे नाव. एका वीरपत्नीला केवळ नावातल्या एका अक्षरापायी कार्यालयांचे उंबरठे झिजवताना आम्ही पाहिले आहे. लग्नाचे नोंदणीपत्र काढा, सगळ्या कागदांवर नाव एकच करा आणि पोराला रजेवरून परत जाताना त्याच्या प्रती बरोबर द्या. अडचण आलीच तर जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात जा. तिथे दलालाची गरज नाही.

पेन्शनचे थोडक्यात. पंधरा वर्षे नोकरी झाली की जवानाला पेन्शन लागू होते. शेवटचा मूळ पगार आणि एमएसपी (असल्यास एक्स पे) यांच्या निम्मी. ४०,४०० मूळ पगारावर हवालदार निवृत्त झाला, तर ४५,६०० च्या निम्मे २२,८०० रुपये. त्यावर ५८ टक्क्यांनी महागाई १३,२२४. एकूण ३६,०२४. यातली निम्म्यापर्यंत मूळ पेन्शन विकून एकरकमी पैसे घेता येतात. तसे केले तर महिन्याला ११,४०० कमी होऊन २४,६२४ हाती पडतात. महागाई मात्र पूर्ण पेन्शनवरच मिळते, आणि विकलेला भाग पंधरा वर्षांनी परत सुरू होतो. तो आपोआप झाला काय, हे तारीख लिहून ठेवून पाहावे. एकरकमी पैशाचा स्लॅब पडतो, लग्न होते, आणि पुढची पंधरा वर्षे घर कमी पैशात चालवायचे असते, हे आधी दोघांनी बसून ठरवावे.

आठव्या वेतन आयोगाबद्दलही विचारणा होते. न्यायमूर्ती रंजना देसाई त्याच्या अध्यक्ष आहेत. ऑक्टोबर २०२५ मध्ये त्याच्या कामाची कक्षा मंजूर झाली आणि अहवालासाठी १८ महिने दिले. तेव्हा "नवा पगार अमुक होणार" म्हणून कोणी आकडे दाखवून हप्त्यावर काही विकत असेल, तर त्याला दारातूनच जयभीम करावा.

हे सगळे अग्निवीराला लागू नाही, ही गोष्ट मात्र पुष्कळांना ठाऊक नाही. २०२२ पासून जवानांची भरती अग्निवीर म्हणूनच होते. पहिल्या वर्षी महिना ३०,०००, मग ३३,०००, ३६,५०० आणि चौथ्या वर्षी ४०,०००. एमएसपी नाही, महागाई भत्ता नाही. कठीण जागेचे भत्ते मिळतात. दरमहा ३० टक्के सेवा निधीसाठी कापतात, म्हणजे पहिल्या वर्षी हाती २१,०००, चौथ्या वर्षी २८,०००. चार वर्षांची कापणी ५ लाख २ हजारांच्या घरात जाते, सरकार तेवढेच घालते, आणि व्याज धरून सुमारे ११ लाख ७१ हजार मिळतील असे योजना जाहीर करताना सांगितले होते. त्यावर इन्कमटॅक्स नाही. ४८ लाखांचा विमा आहे, त्याचा हप्ता पोराला भरावा लागत नाही. पण पेन्शन नाही, ग्रॅच्युइटी नाही, आणि चार वर्षांनंतर शंभरातून पंचवीसपर्यंतच पोरे कायम होतात.

सासू-सुनेचे प्रकरण मिटल्यावर त्याच सतरंजीवर दुसऱ्या एका माऊलीने पिशवीतून कागद काढले. त्यांचा मुलगा अग्निवीर, दुसऱ्या वर्षात. रिंग रोडच्या पलीकडच्या एका फ्लॅटसाठी बिल्डरच्या माणसाने वीस वर्षांच्या कर्जाचे फॉर्म भरून दिले होते. "पोरगा मिलिटरीत आहे, आता काय काळजी," असे तो म्हणाला होता. हप्ता १७,००० रुपये. पोराच्या हाती येतात २३,१००. पहिली सून तिथेच होती. तिने नवऱ्याच्या स्लिपच्या मागच्या कोऱ्या जागेऐवजी विहाराच्या वहीतले एक पान घेतले आणि वरती लिहिले, चार वर्षे; खाली लिहिले, वीस वर्षे. मधली वजाबाकी त्या माऊलीने स्वतःच केली.

कागद सही न करता परत पिशवीत गेले. बिल्डरच्या माणसाचा फोन अजून रोज येतो, असे परवा त्यांच्या मुलीने सांगितले.