चहापान आणि 'शुद्ध' नावाचे विशेषण

मध्यंतरी आमच्या मराठी विभागाने इंग्रजी विभागाच्या साहाय्याने एक छोटेखानी चहापान योजले होते. एकोणिसाव्या शतकातील कादंबरी शिकणारे दोन्हीकडचे विद्यार्थी एकत्र बसावेत, एवढाच हेतू. बेत इंग्रजी पद्धतीच्या दुपारच्या चहाचा, परंतु शाकाहारी आणि अर्धा मराठी: काकडीच्या सँडविचशेजारी अळूवडी, स्कोनसोबत मुरांबा. फळ्यावर कुणीतरी लिहिले, 'शुद्ध शाकाहारी चहापान'. एम.ए.च्या एका विद्यार्थिनीने शांतपणे विचारले, "सर, शाकाहारी समजलं. शुद्ध कशासाठी?" मला उत्तर देता आले नाही. प्रस्तुत टिपण त्या राहून गेलेल्या उत्तरासाठी.

प्रथम पदार्थांविषयी. दोन पाकपरंपरा एका बशीत मांडल्या म्हणजे त्यांचा मेळ बसला असे नव्हे. स्कोनमध्ये मसालेदार पनीर कोंबले की दोघांचीही चव हरवते. मेळ साधायचा तर सजातीय स्थळे शोधावी लागतात. डेव्हन आणि कॉर्नवॉल परगण्यांतील क्लॉटेड क्रीम दुधावरची मलई मंद आचेवर तापवून, सावकाश निववून करतात. ज्यांच्या घरी दूध तापवून साय धरली जाते, त्यांना ही रीत परकी वाटणार नाही. जॅम आणि मुरांबा यांचेही नाते असेच, फळ साखरेत टिकवण्याचे. स्कोनला अंडे लागतेच असे नाही. ताकाच्या आंबटपणाने खाण्याच्या सोड्यातून वायू सुटतो आणि तेवढ्यावर तो फुगतो. सँडविचला हिरवी चटणी तर मुंबईने केव्हाच लावली आहे. अळूवडीला मात्र इंग्रजी प्रतिरूप नाही. तिला तिच्या चिंचगुळासह तशीच राहू द्यावी. आगरकरांनी 'हॅम्लेट'चे 'विकारविलसित' केले, देवलांनी 'ऑथेल्लो'चा 'झुंझारराव' केला. परंतु प्रत्येक गोष्टीचे रूपांतर झालेच पाहिजे असा नियम नाही, हे भाषांतर शिकवणाऱ्यांना सांगायला नको.

आता त्या विशेषणाविषयी. १८९० साली पुण्यात पंचहौद मिशनमध्ये गोपाळराव जोशी यांच्या पुढाकाराने काही प्रतिष्ठित मंडळी जमली. त्यांत न्यायमूर्ती रानडे होते, टिळक होते, गोखलेही होते. तेथे चहा आणि बिस्किटे समोर आली. पुढे उपस्थितांची नावे वर्तमानपत्रात छापून आली, ग्रामण्य उभे राहिले, प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेले. १८९२ मध्ये रानड्यांनी प्रायश्चित्त घेतले. रमाबाई रानडे यांच्या आठवणींत हा प्रसंग आला आहे. वादाचा विषय मांसाहार नव्हताच. चहा कशाचा, यापेक्षा तो कुणाच्या हातचा, हा प्रश्न होता. शुद्धतेचा संबंध पदार्थाशी नव्हता, वाढणाऱ्या हाताशी होता.

कुणी म्हणेल, आज 'शुद्ध' या शब्दाला एवढा अर्थ उरलेला नाही. अंडे नाही, भांडी वेगळी, इतकेच त्यातून सुचवायचे असते. हा आक्षेप अगदीच अनाठायी नाही. जो अंडे खात नाही त्याला बशीत काय आहे ते कळलेच पाहिजे. जिलेटिन प्राणिजन्य असते, काही चीज वासराच्या जठरातील रेनेटने विरजतात. या गोष्टी यजमानाने सांगायलाच हव्यात. पण मग तसेच नेमके लिहावे: 'अंडे नाही, जिलेटिन नाही'. 'शुद्ध' या शब्दातून यातले काहीही कळत नाही. माहिती न देता तो फक्त प्रतवारी लावतो. आणि विशेषणाला विरुद्धार्थी शब्द असतो, हे आपण शाळेत शिकलो आहोत. वर्गात डब्यातून सुकट आणणारा विद्यार्थीही तो फळा वाचतो. त्याने स्वतःला कोणत्या रकान्यात घालावे?

आपण साहित्याचे शिक्षक. कवितेतील एखाद्या विशेषणावर तासभर बोलतो, आणि फळ्यावरच्या विशेषणाकडे आपले लक्ष जात नाही. माझे तरी गेले नव्हते. ते एका विद्यार्थिनीने वेधले, याचे मला थोडे वैषम्य वाटले आणि पुष्कळसा आनंदही.

त्या दिवशी उत्तर सुचले नाही, तरी डस्टर हाताशी होते. पहिला शब्द पुसला. चहापान शाकाहारीच झाले. अळूवडी सर्वांत आधी संपली, स्कोन थोडे उरले, आणि साय-मुरांब्याच्या वाटीसाठी दोन्ही विभागांत किरकोळ वाद झाला.