साहसपटांचा स्वतंत्र कारागीर

मारामारीचे चित्रपट म्हटले, कीं नाक मुरडण्याची सुशिक्षित घरांतून जुनी चाल आहे. मुलांनीं ते चोरून पाहावे आणि वडिलांनीं त्यांचें नांवहि काढूं नये! पण असे चित्रपट जन्मभर निष्ठेनें काढणारा मनुष्य कोणत्या मातीचा असतो, याचा विचार फारसा कोणी करीत नाहीं. म्हणून होमी वाडिया (१९११–२००४) यांची कारकीर्द आज वाचकांपुढें ठेवण्याचें आम्हीं योजिलें आहे.

मुंबईस जहाजें बांधून कीर्ति मिळविलेल्या पारशी घराण्यांतील हे गृहस्थ. वडील बंधु जमशेद यांनीं कायद्याचें शिक्षण घेऊनहि चित्रपटांची वाट धरली. होमी त्यांच्या मागोमाग आले, आणि आधीं छायालेखक, मग दिग्दर्शक झाले. १९३३ सालीं ‘वाडिया मूव्हीटोन’ संस्था निघाली. ऑस्ट्रेलियांत जन्मलेल्या मेरी एव्हन्स ऊर्फ नादिया यांस होमींनीं १९३५ च्या ‘हंटरवाली’त मुखवटा घालून अन्यायाशीं झुंजणारी राजकन्या केलें. चाबूक घेऊन घोडा फेंकणारी नायिका लोकांस रुचेल, हें वितरकांस पटेना. तेव्हां बंधूंनीं स्वतःच्या जबाबदारीवर चित्रपट लावला, आणि प्रेक्षकांनीं तो डोक्यावर घेतला! १९३६ च्या ‘मिस फ्रॉन्टियर मेल’मध्यें नादिया आगगाडीच्या टपावर लढल्या. असलीं धाडसाचीं कामें त्या स्वतःच करीत.

पुढें भावांच्या वाटा फुटल्या. जमशेदजींस प्रतिष्ठित, कलापूर्ण चित्रपटांची ओढ लागली. १९४१ चा ‘राजनर्तकी’ हें तिचें फळ. होमींस साहसपट सोडवेनात. १९४२ सालीं त्यांनीं ‘बसंत पिक्चर्स’ ही स्वतःची संस्था काढली. त्याच वर्षीं वाडियांची परळ येथील वास्तु व्ही. शांताराम यांच्याकडे गेली व तेथें ‘राजकमल’ उभें राहिलें. ‘हंटरवालीकी बेटी’नें (१९४३) बसंतचा जम बसविला. साहसपटांच्या जोडीला होमींनीं ‘श्रीरामभक्त हनुमान’ (१९४८) यासारखे पौराणिक आणि ‘हातिमताई’ (१९५६) यासारखे अद्भुत चित्रपट दिले, आणि स्वतःचें घर स्वतःच्या बळावर चालविलें. नादिया त्यांच्या चित्रपटांतून कामें करीतच होत्या. १९६१ सालीं उभयतांनीं विवाह केला. १९९३ सालीं वाडिया घराण्यांतीलच रियाद वाडिया यांनीं नादियांवर माहितीपट काढला.

दोन भावांत चुकलें कोण, हा प्रश्न आम्हांस गैर वाटतो. मोठ्यांनीं अभिरुचीसाठीं पैसा पणास लावला, धाकट्यांनीं आवडीसाठीं. धैर्य दोघांपाशीं होतें. परंतु काळाचा न्याय मात्र मौजेचा आहे. ‘राजनर्तकी’ अभ्यासकांपुरती उरली. ‘हंटरवाली’ हा शब्द मात्र चित्रपटाचें तोंडहि न पाहिलेल्या माणसांच्या बोलण्यांत कडक बाईसाठीं रुळून गेला, आणि नाक मुरडणाऱ्या आमच्या घरांतूनहि तो बिनदिक्कत वापरला जातो! हलक्या समजल्या गेलेल्या प्रकारांतहि काम हलकें नसतें, याची ही घरचीच साक्ष वाचकांस पुरावी.