धडा दहावीत, बदल पाचवीत

दहावीच्या विज्ञान भाग २ मध्ये ‘सजीवांतील जीवनप्रक्रिया’च्या दुसऱ्या भागात मानवी प्रजनन आणि मासिक पाळीचे चक्र आकृत्यांसह येते. रायगड जिल्ह्यातल्या महाड-पोलादपूरचे शिक्षक तिथवर पोहोचतात तोवर वर्गातल्या बहुतेक मुलींची पाळी सुरू होऊन गेलेली असते, मुलांचे आवाज फुटलेले असतात. वयात येण्याची सुरुवात मुलींमध्ये साधारण ८ ते १३ आणि मुलांमध्ये ९ ते १४ या वयांत होते. माहिती हवी असते ती नेमकी तेव्हा.

योजनांची वानवा नाही. राष्ट्रीय किशोर स्वास्थ्य कार्यक्रम २०१४ पासून आहे. २०२० पासूनच्या शालेय आरोग्य कार्यक्रमात प्रत्येक शाळेतले दोन शिक्षक, शक्यतो एक स्त्री व एक पुरुष, आरोग्यशिक्षणाच्या कामासाठी नेमायचे आहेत. प्रत्यक्षात अनेक ठिकाणी मुलींना एका खोलीत बसवून पॅडचे पाकीट दिले जाते आणि मुलांना मैदानावर सोडले जाते. स्वप्नावस्थेतील वीर्यस्खलन हा आजार नव्हे, हे त्या मुलांना मग कोण सांगणार? मोबाइल सांगतो, आणि चुकीचे सांगतो.

शिक्षकांची भीती मात्र निराधार नाही. २००७ मध्ये विरोधापुढे नमते घेऊन राज्याने शाळांतले लैंगिक शिक्षण थांबवले होते. हा विरोध त्याहून जुना आहे. १९२७ च्या मार्चमध्ये महाडला डॉ. आंबेडकरांचा चवदार तळ्याचा सत्याग्रह झाला आणि त्याच वर्षी जुलैत र. धों. कर्व्यांचे ‘समाजस्वास्थ्य’ हे लैंगिक आरोग्यावरचे मासिक निघाले. त्यात वाचकांच्या लैंगिक शंकांना उत्तरे दिली म्हणून १९३४ मध्ये कर्व्यांवर खटला चालला. त्यांचे वकीलपत्र घेतले ते त्याच डॉ. आंबेडकरांनी. कर्वे खटला हरले, त्यांना दंड झाला.

आज वर्गात शंकापेटी ठेवायला तेवढे धैर्य लागत नाही.

वयानुसार मांडणी अशी करता येईल. चौथीपर्यंत अवयवांची खरी नावे, असुरक्षित स्पर्श आणि मुलांच्या मदतीसाठीचा १०९८ हा क्रमांक. पाचवी-सहावीत पाळी, केस, घाम, मुरुमे, मुले-मुली दोघांनाही. सातवी-आठवीत रक्तक्षय: राज्यातल्या १५ ते ४९ वयाच्या निम्म्याहून अधिक स्त्रियांत तो आढळतो. शाळेत दर आठवड्याला मिळणारी निळी लोहगोळी जेवणानंतर घ्यायची आणि तिने शौच काळे झाले तरी घाबरायचे नाही, एवढे समजले तरी गोळ्या फेकल्या जाणे कमी होईल. नववीपासून गर्भधारणा, संमती आणि २०१२ चा पोक्सो कायदा.

पालकांना कधी बोलवायचे, हेही इथल्या रीतीने ठरवायला हवे. पोलादपूरच्या अनेक घरांतले वडील मुंबईला असतात. ते गणपतीला, शिमग्याला आणि मे महिन्यात गावी येतात. कातकरी वाड्यांवरची कुटुंबे दिवाळीनंतर वीटभट्ट्यांवर जातात. म्हणून वर्गातले तास जून ते ऑक्टोबरमध्ये उरकावेत आणि पालकसभा गणपतीच्या सुट्टीत घ्यावी. तिला आशाताई आणि प्राथमिक आरोग्य केंद्राचे डॉक्टर हजर असावेत, काय शिकवणार हे आधीच वाचून दाखवावे आणि वडिलांना आवर्जून निमंत्रण द्यावे.