जामीन मिळाला म्हणजे सुटला नव्हे



खेडा खरेदीत कापूस मोजून नेला, चुकारा पुढच्या महिन्यावर टाकला आणि व्यापारी दिसेनासा झाला, हा प्रकार कापसाच्या मुलखाला नवा नाही. समजा, हिंगण्याच्या कास्तकाराने ठाण्यात फसवणुकीची फिर्याद दिली आणि काही दिवसांत बातमी आली, की नागपूरच्या सत्र न्यायालयाने व्यापाऱ्याला अटकपूर्व जामीन दिला. पारावर लगेच निकाल लागतो : 'सुटला लेकाचा!' खटला उभाही राहिलेला नसतो आणि फिर्यादी हात टेकून घरी बसतो.

आमचे म्हणणे आहे, की बसू नका. अटक झाली तर या माणसाला जामिनावर सोडावे, एवढाच तो हुकूम असतो. तपास चालूच राहतो. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हे कलम ४३८ होते. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते ४८२ झाले. बोलावले तेव्हा चौकशीला यायचे, प्रकरणाची माहिती असणाऱ्याला धाक वा आमिष दाखवायचे नाही, परवानगीशिवाय देश सोडायचा नाही, अशा अटी न्यायालय घालू शकते. अटी मोडल्या तर जामीन रद्द होऊ शकतो.

अक्कलकोटच्या सिद्धाराम म्हेत्रे यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २ डिसेंबर २०१० रोजी हे स्पष्ट केले. असा जामीन साधारणपणे खटला संपेपर्यंत चालावा. पण नवी परिस्थिती पुढे आली तर तो देणारे न्यायालय तो रद्दही करू शकते. त्यासाठी सरकारी वकील अर्ज करू शकतो, तसाच फिर्यादीही करू शकतो. या जामिनाला सहसा मुदत घालू नये, हे २०२० मध्ये पाच न्यायाधीशांच्या घटनापीठानेही सांगितले.

मात्र राग म्हणजे पुरावा नव्हे. मिळालेला जामीन काढून घ्यायला भक्कम कारण लागते, असे दौलतराम विरुद्ध हरियाणा राज्य या खटल्यात १९९४ सालीच ठरले आहे. आरोपीचा माणूस साक्षीदाराला धमकावून गेला, तर तारीख, वेळ आणि तिथे कोण हजर होते ते त्याच दिवशी लिहून काढा. ठाण्यात लेखी तक्रार देऊन पोच घ्या. ती पोच सरकारी वकिलाला दाखवा. अर्ज सत्र न्यायालयात जाईल. हिंगण्याच्या दंडाधिकाऱ्यांना हा जामीन रद्द करता येत नाही. मुळात जामिनाचा हुकूमच चुकीचा वाटत असेल, तर रस्ता वेगळा : त्याला नागपूर खंडपीठात आव्हान द्यावे लागते. तिथे नंतरचे गैरवर्तन दाखवायची गरज नसते.

आता नाण्याची दुसरी बाजू. रास्ता रोको झाला, की 'सरकारी कामात अडथळा' म्हणून गुन्हे आपल्यावर दाखल होतात. तेव्हा याच कलमाचा आडोसा आपण घेतो. मग त्याच्या अटी आपल्यालाही पाळल्या पाहिजेत. पेरणी होती, वेचणीला मजूर मिळाले होते, म्हणून हजेरीला गेलो नाही, हे कारण न्यायालयात चालेल याचा भरवसा नाही. अडचण असेल तर वकिलामार्फत आधीच अर्ज द्या. फिर्याद देणाऱ्या तलाठ्याच्या दारी चार माणसे घेऊन 'समजावायला' जाऊ नका. त्यालाच धाक म्हणतील.

म्हणून व्यापाऱ्याचा जामीन 'रद्द करा' असा नुसता घोष करत मोर्चा काढणे आम्हाला मान्य नाही. आज घोषणेने त्याचा जामीन गेला, तर उद्या सरकारच्या घोषणेने आपला जाईल. त्याने अट मोडली असेल तर पुरावा घेऊन नागपूरला चला. आम्ही सोबत येऊ.